अण्णांचे भाई, माईंच्या सुनीताबाई

आमच्या घरात अण्णा पु. ल. देशपांड्यांना ‘भाई’ म्हणत. सूर असा, की रोज संध्याकाळी पुण्याजवळच्या आमच्या वारज्याच्या पारावर दोघं मांडीला मांडी लावून बसत असावेत. प्रत्यक्षात अण्णांनी त्यांना पाहिलं ते पडद्यावर, नाहीतर नाट्यगृहाच्या मागच्या रांगेतून. माई, म्हणजे माझी आजी आणि अण्णांची थोरली वहिनी, या भक्तीत कधी सामील झाली नाही. भाईंचा विषय निघाला की ती निवडत असलेल्या तांदळातून मान वर न करता एवढंच विचारायची, “आणि बाई काय करत होत्या तेव्हा?”

या प्रश्नाचं अण्णांकडे उत्तर नसे. आमच्याकडेही नव्हतं. आम्हा मुलांना भाईंच्या पत्नी सुनीताबाई माहीत होत्या त्या अण्णांच्या गोष्टींतून, आणि त्या गोष्टींत त्या कायम दारात उभ्या असत. आत हसरे, गप्पिष्ट, पेटी वाजवणारे भाई आणि उंबऱ्यावर भेटायला येणाऱ्याला घड्याळ दाखवणारी एक उंच, करारी बाई. पुण्यात त्या काळी हे चित्र घरोघर होतं. ज्यांनी देशपांड्यांच्या घराची पायरीही पाहिली नव्हती, तेही ते ठामपणे रंगवत.

अण्णांचे भाई मुळात सिनेमातले. आजच्या वाचकाला पु. ल. म्हटलं की पुस्तकं आणि ध्वनिफिती आठवतात. पण १९४७ ते १९५३ या सहा-सात वर्षांत ते मराठी सिनेमातले नट होते, चांगले लोकप्रिय होते. ‘कुबेर’पासून सुरुवात झाली. ‘पुढचं पाऊल’मध्ये हंसा वाडकरांसमोर ते उभे राहिले. मग १९५३ चा ‘गुळाचा गणपती’. कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका, सगळं त्यांचंच. अण्णा तेव्हा अठरा वर्षांचे. वारज्याहून शहरात सिनेमा पाहायला जायचं म्हणजे सायकल हाणायची, आजच्या कर्वेनगर-कोथरूडच्या वस्तीच्या जागी असलेल्या शेतांमधून. जाताना दोघं डबलसीट आणि येताना अंधारात बिनदिव्याचे. दिवा नसला की पोलीस पकडायचा, म्हणून लकडी पुलाच्या अलीकडेच उतरून सायकल हातात धरून चालायचं आणि पोलीस मागे पडला की पुन्हा टांग टाकायची. ही गोष्ट अण्णा सांगायला लागले की सिनेमा राहायचा बाजूला आणि पोलिसाचंच पात्र वाढत जायचं.

माईची गोष्ट पाच वर्षं आधीची. १९४८ साली, तिचं लग्न ठरलं त्याच वर्षी, मामांनी तिला ‘वंदे मातरम्’ दाखवला. राम गबाल्यांचा चित्रपट, गाणी माडगूळकरांची, संगीत सुधीर फडक्यांचं. बेचाळीसच्या चळवळीची पार्श्वभूमी असलेल्या त्या चित्रपटात नायक पु. ल. होते आणि नायिका होत्या सुनीताबाई. अण्णा हे सोयीस्कर विसरायचे. माई विसरू द्यायची नाही. “तुमचे भाई चळवळीतला पोरगा झाले होते ते सिनेमात,” ती म्हणायची, “ती पोरगी खरोखरच चळवळीतली होती.”

ते खरंच होतं. रत्नागिरीच्या ठाकूर वकिलांची ही मुलगी ३ जुलै १९२६ ची. बेचाळीस साली ती सोळा वर्षांची होती आणि शाळा-कॉलेजापेक्षा चळवळीत जास्त होती. पुढे मुंबईला ओरिएंट हायस्कूलमध्ये शिकवताना तिथल्याच एका मास्तरांशी ओळख झाली. मास्तरांचं पहिलं लग्न झालेलं, पत्नी फार लवकर गेलेली. मास्तरांना लग्न हवं होतं. हिला लग्न या गोष्टीचीच अडचण वाटत होती. सोबत राहावं, त्यासाठी सरकारदरबारी नोंद कशाला, असा तिचा मुद्दा. १९४६ साली. रत्नागिरीत वाढलेल्या, एकोणीस वर्षांच्या मुलीचा. शेवटी तिने मास्तरांच्या हट्टापुढे मान तुकवली, पण अट सोडली नाही: विधी नाही, मानपान नाही. १२ जून १९४६ रोजी रत्नागिरीला घरीच नोंदणी पद्धतीने लग्न लागलं. खर्च आठ आणे, तेवढी फॉर्मची किंमत. ते आठ आणेही नवरीने दिलेले.

या आठ आण्यांवर माई बेहद्द खूश होती. तिच्या स्वतःच्या लग्नाचं कर्ज सासऱ्यांनी पुढची कित्येक वर्षं फेडलं होतं आणि त्याची उजळणी दर दिवाळीला व्हायची.

माईने सुनीताबाईंची बाजू का घेतली, हे कळायला वारज्याच्या शेजारी जावं लागतं. माई हिंगण्याची विद्यार्थिनी. हिंगणे बुद्रुक म्हणजे आजचं कर्वेनगर, आमच्या वारज्याला लागूनच. धोंडो केशव कर्व्यांनी १९०० साली तिथल्या माळावर झोपडी बांधून विधवांचा आश्रम नेला आणि शहरातून चिखल तुडवत रोज पायी येणारे कर्वे ही आमच्या पंचक्रोशीतली सगळ्यात जुनी, सगळ्यात जास्त वेळा सांगितली गेलेली गोष्ट. वारज्यातल्या म्हाताऱ्यांनी ती आपल्या वडिलांकडून ऐकलेली. तिच्यात कर्वे असायचे, चिखल असायचा, कंदील असायचा. बाया नसायची.

बाया म्हणजे आनंदीबाई कर्वे. देवरुखकडची गोदूबाई जोशी, बालविधवा, पंडिता रमाबाईंच्या शारदा सदनातली पहिली विधवा विद्यार्थिनी. ११ मार्च १८९३ रोजी कर्व्यांनी तिच्याशी पुनर्विवाह केला आणि पुढे कर्व्यांच्या मुरुड गावाने दोघांना वाळीत टाकलं. त्यानंतर कर्वे महर्षी होत गेले आणि बायाच्या वाट्याला संसार आला. कर्व्यांनी आपल्या विम्याची पॉलिसीही आश्रमाला देऊन टाकली, तेव्हा बाया भांडली. मुलांचं काय, हा तिचा साधा प्रश्न होता. तिने सुईणीचं शिक्षण घेतलं, चार पैसे मिळवले, आणि भांडूनही त्याच आश्रमासाठी वर्गण्या गोळा करत हिंडली. ‘माझे पुराण’ या नावाने १९४४ साली तिच्या आठवणी छापून आल्या, तेव्हा माई सतरा वर्षांची होती. म्हातारी बाया तिने हिंगण्यात लांबून पाहिलेली. ते पुस्तक माईच्या ट्रंकेत शेवटपर्यंत होतं, नऊवारी पातळाच्या घडीत.

मोठ्या माणसाच्या बायकोने लिहायला बसणं आपल्याकडे नवं नाही. रमाबाई रानड्यांनी लिहिलं, लक्ष्मीबाई टिळकांनी लिहिलं. पण रमाबाईंच्या लेखणीत भक्ती आहे, लक्ष्मीबाईंच्या लेखणीत खट्याळ माया आहे. हिशेब मागणारी पहिली बाया. माईच्या डोक्यात बाया आणि सुनीताबाई एका पंगतीला बसलेल्या होत्या आणि साहित्याच्या इतिहासात त्यांना तसं कोणी बसवलं आहे की नाही, याच्याशी तिला कर्तव्य नव्हतं.

सिनेमाच्या घरात मात्र अशी लेखणी फार उशिरा उगवली. दादासाहेब फाळक्यांच्या सरस्वतीबाईंनी दागिने दिले, दादरच्या घरात सगळ्या मंडळींचा स्वयंपाक रांधला, आणि रात्री कच्च्या फिल्मला कडेने भोकं पाडत बसल्या. भोकं नसतील तर फिल्म कॅमेऱ्यात सरकत नाही. म्हणजे १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्रा’ची प्रत्येक चौकट त्या बाईच्या बोटांखालून गेली असणार. त्यांनी स्वतः लिहिलं असतं तर आपल्या चित्रपटाचा इतिहास स्वयंपाकघरापासून सुरू झाला असता. पण आपल्याकडे फाळक्यांच्या धडपडीची गोष्ट आहे आणि सरस्वतीबाई त्या गोष्टीत ‘साथ दिली’ या दोन शब्दांपुरत्या आहेत.

‘गुळाचा गणपती’नंतर पु. लं.नी सिनेमा जवळजवळ सोडलाच. आकाशवाणी आली, दिल्लीला दूरदर्शनच्या अगदी आरंभीचं काम आलं, नाटकं आली. सुनीताबाईंनी ‘सुंदर मी होणार’मध्ये, ‘वाऱ्यावरची वरात’मध्ये भूमिका केल्या, आणि सोबत काम केलेल्यांनी व पाहिलेल्यांनी त्या चांगल्या केल्याचं सांगितलं आहे. पण अण्णांना विचारा, बाईंनी काय केलं? “त्या मागे असायच्या.” या मागे असण्यात काय काय यायचं, ते अण्णांनाच एकदा कळलं.

१९६१ हे वर्ष आमच्या घरात दोन गोष्टींसाठी आठवलं जातं. एक, ‘बटाट्याची चाळ’ हा एकपात्री प्रयोग त्या वर्षी सुरू झाला. दोन, १२ जुलैला पानशेत फुटलं. पाणी खडकवासल्याचं धरणही फोडून वारज्यावरूनच पुढे शहरात गेलं. नदीकाठची आमची पट्टी खरवडून निघाली, आणि नारायण पेठेतल्या नातेवाइकांचं अख्खं बिऱ्हाड आमच्या माळवाडीच्या घरात येऊन राहिलं. त्या गर्दीत कोणाला झोप येईना, तेव्हा अण्णा रात्री चाळीतल्या पात्रांच्या नकला करत. पुराचं पाणी घरात शिरलेली माणसं त्यावर हसली, हे अण्णांच्या आयुष्यातलं सगळ्यात मोठं यश. पुढे प्रत्यक्ष प्रयोग पाहायला गेले, तर पाच-दहा मिनिटं उशीर झालेला आणि पडदा आधीच वर गेलेला. पुण्यात नाटक ठरल्या वेळी सुरू होतं, हा त्यांना धक्का होता. “बाईंचा कारभार!” शेजारच्या प्रेक्षकाने कुजबुजत सांगितलं. कारभार म्हणजे वेळ, तिकिटं, प्रवास, दिवे, पैशांचा चोख हिशेब. एकपात्री प्रयोगात रंगमंचावर माणूस एक असतो, म्हणून पाहणाऱ्याला वाटतं की काम करणाराही एकच आहे.

अण्णांना त्या रात्री पहिली दहा मिनिटं गेल्याचं दुःख जन्मभर राहिलं. दोष त्यांनी सायकलच्या पंक्चरला कधी दिला नाही.

मग १९९० साली मौज प्रकाशनाने बाईंचं आत्मकथन, ‘आहे मनोहर तरी’, काढलं. सुनीताबाई तेव्हा चौसष्ट वर्षांच्या होत्या. पुस्तक आमच्या घरी आलं आणि कित्येक महिने जेवणाचं पान त्याच्याशिवाय हललं नाही. अण्णांचा राग सात्त्विक होता. ज्या माणसाने महाराष्ट्राला हसवलं, त्याला घरात साधी वस्तू जागेवर ठेवता येत नाही, तो स्वतःतच रमलेला असतो, बायकोच्या मनात काय चाललंय हे त्याला दिसत नाही, असं त्याच्याच बायकोने छापून आणायचं? आणि तेही तो हयात असताना? महाराष्ट्रातल्या फार मोठ्या वाचकवर्गाने तेव्हा हेच विचारलं. माईचं उत्तर होतं, “मेल्यावर लिहिलं असतं तर म्हणाला असता, आता उत्तर द्यायला तो नाही.”

दोघांनी आळीपाळीने ते वाचलं आणि समासात पेन्सिलीने खुणा केल्या. अण्णांच्या खुणा म्हणजे उद्गारचिन्हं. माई फक्त उभी रेघ मारायची. तीच प्रत मी पुढे कॉलेजात असताना वाचली, आणि मला जे दिसलं ते दोघांनीही सांगितलं नव्हतं. बाई भाईंवर जितक्या कठोर आहेत, त्याच्या दुप्पट स्वतःवर आहेत. आपला अहंकार, आपला फटकळपणा, आपली मूर्तिभंजक सवय त्या टेबलावर मांडून उलटीपालटी करतात. आणि तरीही, खरं सांगायचं तर, काही पानांवर मी थकले. फिर्यादी, वकील, न्यायाधीश आणि कधी आरोपीही त्या स्वतःच होतात. वाचणाऱ्याला बसायला जागा राहत नाही. माणसं चुकतात, वेंधळी असतात, हे त्यांना कळतं पण चालत नाही. अशा बाईबरोबर चोपन्न वर्षं राहणं भाईंना सोपं गेलं नसेल. अण्णांची काही उद्गारचिन्हं मला पटली.

पण त्याच पुस्तकात कोकणातल्या लहानपणाची, झाडापेरांची, माणसांची जी पानं आहेत, ती वाचताना अण्णांची पेन्सिल गप्प झालेली दिसते. आणि कविता. बाईंना कविता नुसत्या आवडत नव्हत्या, त्या पाठ होत्या, शेकड्यांनी. पुढे दोघांनी मिळून बोरकर आणि मर्ढेकरांच्या कवितांच्या वाचनाचे कार्यक्रम केले. मर्ढेकर सभागृहात बसलेल्या माणसांना ऐकवायचे, हे धाडस होतं. जी. ए. कुलकर्ण्यांसारख्या माणसांत न मिसळणाऱ्या लेखकाशी त्यांचा वर्षानुवर्षं पत्रव्यवहार चालला. ती पत्रं पुढे ‘प्रिय जी. ए.’ म्हणून आली. त्या पत्रांत दारातली बाई कुठेच नाही. तिथे एक वाचणारी, शंका काढणारी, स्वतःची टर उडवणारी बाई मोकळेपणाने बसलेली आहे. अण्णांनी ते पुस्तक वाचायला घेतलंच नाही. त्यात भाई कमी आहेत म्हणे.

पैशांच्या बाबतीत मात्र अण्णांना गप्प बसावं लागे. पुस्तकांचे, प्रयोगांचे पैसे मोजून घेणारी बाई ही पुण्यात टिंगलीचा विषय होती. वारज्यातही तिची एक गोष्ट आहे. जत्रेला गावातल्या तरुण मंडळाने पु. लं.चं ‘तुझे आहे तुजपाशी’ बसवायचं ठरवलं. तालमी सुरू झाल्या, त्यातल्या काकाजीचं काम करणाऱ्याने मिशी वाढवली. माईने एकदाच विचारलं, “परवानगी मागितलीत? मानधन पाठवलंत?” मंडळ चकित. नाटक तर पुस्तकात छापलेलं आहे आणि पुस्तक आपण विकत घेतलंय! चार दिवस खल झाला. शेवटी जिथे कोणाला विचारावं लागणार नाही असं एक नाटक शोधून ते उरकलं. वाढवलेली मिशी त्यात दरोडेखोराला कामी आली.

बाई मोजून घेत त्या पैशांचं पुढे काय झालं, हे मंडळातल्या कोणी विचारलं नाही. पु. ल. देशपांडे फाउंडेशन दोघांनी साठच्या दशकातच काढलं होतं. कमाईचा मोठा हिस्सा तिकडे जायचा आणि देणगी देताना नावाचा गाजावाजा नको, असा बाईंचा आग्रह असे. ऐंशीच्या दशकात अनिल अवचटांनी गर्दच्या व्यसनावर लिहिलं. तरुण पोरं कशी संपत चालली आहेत, ते वाचून या दोघांनी एक लाख रुपये दिले आणि १९८६ साली पुण्यात मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र उभं राहिलं. आयुका या खगोलशास्त्राच्या संस्थेच्या आवारात मुलांना विज्ञानाचे प्रयोग स्वतःच्या हातांनी करता यावेत म्हणून जी इमारत झाली, तिच्यामागेही यांचंच देणं. तिचं नाव ‘पुलस्त्य’, सप्तर्षींतल्या ताऱ्यावरून. आमच्या घरातल्या एका मुलाला मुक्तांगणने माणसात आणलं. त्यानंतर अण्णांनी तिकिटांच्या पैशांवरून एकही विनोद केला नाही. माईनेही त्यांना डिवचलं नाही, जे तिच्या स्वभावाला धरून नव्हतं.

१९९७ साली वारजं महानगरपालिकेत गेलं. माळावर सोसायट्या उठल्या, महामार्गाचा बाह्यवळण रस्ता आला, आमच्या पट्टीचे प्लॉट पडले. अण्णा तोवर रिटायर होऊन टीव्हीसमोर बसायला लागले होते. १२ जून २००० रोजी दुपारी बातमी आली, भाई गेले. लग्नाचा चोपन्नावा वाढदिवस होता त्यांचा. अण्णांना हे माईने सांगितलं. एवढ्या वर्षांच्या भक्तीत ही तारीख त्यांनी कधी लक्षात ठेवली नव्हती.

त्यानंतर बाई नऊ वर्षं होत्या. पु. लं.च्या मागे आठवणींचा केवढा उद्योग उभा राहिला आणि त्यात त्यांना फुलांच्या हारामागे बसवून ठेवणं किती सोपं होतं! त्या बसल्या नाहीत. हक्कांची पत्रं, परवानग्या, देणग्या, स्वतःचं लेखन, सगळं चालू ठेवलं. ७ नोव्हेंबर २००९ ला त्या गेल्या. त्याच वर्षीच्या पावसाळ्यात माई गेली होती, म्हणून त्या बातमीवर आमच्या घरात बोलणारं कोणी नव्हतं. अण्णांनी वर्तमानपत्र वाचलं, घडी केली आणि म्हणाले, “वहिनींना सांगायला हवं होतं.”

दहा वर्षांनी ‘भाई’ चित्रपटाचे दोन भाग आले. सागर देशमुख पु. ल. झाला होता, इरावती हर्षे सुनीताबाई. चौऱ्याऐंशीच्या अण्णांना आम्ही गाडीत घालून मल्टिप्लेक्सला नेलं. वेळेच्या अर्धा तास आधी पोहोचायचं, ही त्यांची अट. परतताना मी विचारलं, कसे वाटले भाई? ते भाईंबद्दल काहीच बोलले नाहीत. “ही मुलगी चांगली आहे,” म्हणाले, “पण त्या बाईंना बघून भीती वाटायची. ते नाही आलं.” तुम्ही पाहिलं होतं त्यांना जवळून? “एकदाही नाही.”

घरी आल्यावर त्यांनी ‘आहे मनोहर तरी’ मागितलं, समासातल्या खुणांची ती प्रत. ती आमच्या सोसायटीतल्या एका बाईंनी वाचायला नेली होती. तिथून ती त्यांच्या सुनेकडे गेली, सुनेने मैत्रिणीला दिली, आणि ती मैत्रीण मध्येच बंगळुरूला राहायला गेली. नवी प्रत आणून देते म्हटलं, तर अण्णा चिडतात. नवी नको, तीच हवी. माईने रेघा कुठे मारल्या होत्या ते त्यांना पुन्हा पाहायचंय, आणि दोन-तीन ठिकाणी, ते म्हणतात, आपलं उद्गारचिन्ह खोडायचं राहून गेलं आहे. कुठलं, ते सांगत नाहीत. मी बंगळुरूला फोन लावते. पलीकडून दर वेळी तेच उत्तर येतं: अजून वाचतेय.